फ्रिक्वेन्सी बांधून ठेवायची की मोकळी सोडायची? सोलापूरच्या व्होल्टेजवर चालणाऱ्या कन्व्हर्टरचा हिशेब

कागदावर आपल्याकडचं व्होल्टेज २३०. पण अक्कलकोट रोड एमआयडीसीत किंवा पूर्व भागातल्या यंत्रमागाच्या शेडमध्ये लावायचा पॉवर सप्लाय बनवत असाल, तर डिझाइनच्या वहीत २३० लिहून भागत नाही. एका डीपीवर पन्नास माग एकदम चालू झाले की व्होल्टेज दबतं. माग बंद पडले, रात्र झाली, की तेच व्होल्टेज वर चढून बसतं. मी अशा ठिकाणासाठी १५० ते २८० व्होल्ट धरून चालतो. त्यात मे महिन्यात शेडमधली हवा ४२ अंश, आणि पत्र्याच्या बंद डब्यात त्यावर आणखी १५ ते २० अंश. या दोन गोष्टी समोर ठेवल्या की स्विचिंग फ्रिक्वेन्सी, म्हणजे सप्लायमधला स्विच सेकंदाला किती वेळा चालू-बंद होतो तो आकडा, फिक्स्ड ठेवायची की व्हेरिएबल, हा प्रश्न पुस्तकात दिसतो त्यापेक्षा फार वेगळा दिसायला लागतो.

नेहमीचं उत्तर असं: फिक्स्ड म्हणजे फिल्टर सोपा, व्हेरिएबल म्हणजे कार्यक्षमता जास्त. चुकीचं नाही, पण या उत्तरावर ट्रान्सफॉर्मरचा कोअर निवडता येत नाही आणि मॉस्फेट, म्हणजे तो स्विच, वाचत नाही. माझ्या मते पहिला प्रश्न असा असावा: फ्रिक्वेन्सी मोकळी सोडली तर ती सर्वात खाली कधी येते? कमी व्होल्टेजला की जास्त व्होल्टेजला? फुल लोडला की रिकाम्या लोडला? प्रत्येक टोपोलॉजीत, म्हणजे सर्किटच्या रचनेत, याचं उत्तर वेगळं आहे, आणि सोलापूरच्या फीडरवर दोन्ही टोकं एकाच दिवसात भेटतात.

एक ठरावीक उदाहरण घेऊ. मागाच्या कंट्रोल बोर्डासाठी २४ व्होल्ट, अडीच अँपिअर, म्हणजे ६० वॅटचा फ्लायबॅक: आधी ट्रान्सफॉर्मरमध्ये ऊर्जा साठवून मग ती आउटपुटला सोडणारा कन्व्हर्टर. कार्यक्षमता ८७ टक्के धरली तर आत ६९ वॅट जाणार. एसीचं डीसी करणाऱ्या ब्रिजनंतर १०० मायक्रोफॅरड, ४५० व्होल्टचा बल्क कपॅसिटर. १५० व्होल्ट एसीला शिखर साधारण २१० व्होल्ट डीसी. कपॅसिटर नवा असेल तर दोन शिखरांच्या मधल्या काळात तो १८३ पर्यंत उतरतो. जुना झाल्यावर क्षमता कमी होते, म्हणून हिशेबाला १७० घ्या. वरच्या टोकाला २८० व्होल्ट एसी म्हणजे ३९६ डीसी. रिफ्लेक्टेड व्होल्टेज, म्हणजे आउटपुटचं वेढ्यांच्या प्रमाणात प्रायमरीवर दिसणारं व्होल्टेज, १०० ठेवू.

मोकळी सोडलेली फ्रिक्वेन्सी

क्वासी-रेझोनंट फ्लायबॅक, म्हणजे ज्यात ट्रान्सफॉर्मर पूर्ण रिकामा झाल्यावर मॉस्फेटच्या ड्रेन या पायावरचं व्होल्टेज झोका घेऊन खाली येतं आणि त्या खड्ड्यात, म्हणजे व्हॅलीत, मॉस्फेट पुन्हा चालू होतो. इथे घड्याळ कोणी लावत नाही. करंट चढायला आणि उतरायला किती वेळ लागला यावरून फ्रिक्वेन्सी ठरते. व्हॅलीचा छोटा वेळ सोडला तर सूत्र सरळ आहे: डीसी व्होल्टेज गुणिले ड्यूटी, त्याचा वर्ग, भागिले इंडक्टन्स गुणिले इनपुट पॉवरची दुप्पट. ड्यूटी म्हणजे प्रत्येक आवर्तनात मॉस्फेट चालू असण्याचा हिस्सा: रिफ्लेक्टेड व्होल्टेज भागिले रिफ्लेक्टेड अधिक इनपुट.

१७० व्होल्टला ड्यूटी ०.३७ येते, आणि व्होल्टेज गुणिले ड्यूटी ६३. किमान फ्रिक्वेन्सी ५० किलोहर्ट्झ हवी असं ठरवलं तर प्रायमरी इंडक्टन्स ५७४ मायक्रोहेन्री. शिखर करंट २.१९ अँपिअर. आता हाच ट्रान्सफॉर्मर ३०० व्होल्टला ७१ किलोहर्ट्झवर आणि ३९० व्होल्टला ८० किलोहर्ट्झवर चालेल. इथपर्यंत काही बिघडलेलं नाही. आता ३९० व्होल्टलाच लोड अर्धा करा: १६० किलोहर्ट्झ. लोड दहा टक्के करा: सूत्र ८०० सांगतं. प्रत्यक्षात व्हॅलीचा वेळ मध्ये येत असल्यामुळे ती ४००च्या आसपास थांबेल, पण तेवढीही परवडत नाही. लोड कमी होतोय आणि मॉस्फेट जास्त वेळा चालू-बंद होतोय, हा उलटा कारभार आहे. म्हणूनच प्रत्येक शहाण्या क्वासी-रेझोनंट कंट्रोलरमध्ये वरची मर्यादा असते, साधारण १२५ ते १५० किलोहर्ट्झची, आणि लोड आणखी कमी झाला की तो पहिली व्हॅली सोडून दुसरी, तिसरी पकडत फ्रिक्वेन्सी खाली आणतो.

व्हॅलीचा फायदा किती, तेही आकड्यात बघू, कारण तो जेवढा सांगितला जातो तेवढा सगळीकडे मिळत नाही. ड्रेनवरची एकूण कपॅसिटन्स, वाइंडिंगची धरून, १०० पिकोफॅरड समजा. २६४ व्होल्ट एसीला डीसी ३७३. झोक्याच्या माथ्यावर, म्हणजे ४७३ व्होल्टवर, मॉस्फेट चालू झाला तर ६५ किलोहर्ट्झला ०.७३ वॅट फक्त त्या कपॅसिटन्समध्ये जळतो. व्हॅलीत, २७३ व्होल्टवर, चालू झाला तर ०.२४ वॅट. अर्धा वॅट वाचला. बंद डब्यात, हीटसिंक नसलेल्या मॉस्फेटला अर्धा वॅट म्हणजे फार मोठा दिलासा. पण फ्रिक्वेन्सी १३० वर गेली की तेच ०.२४ दुप्पट होऊन ०.४८ होतं आणि बचत निम्म्यावर येते. वरची मर्यादा नसलेला स्वस्त कंट्रोलर घेतला तर व्हॅलीचं सगळं पुण्य हलक्या लोडला संपून जातं.

आता खालचं टोक, जिथे खरं नुकसान होतं. फ्लायबॅकची फ्रिक्वेन्सी कमी व्होल्टेज आणि फुल लोड या कोपऱ्यात सर्वात खाली येते, आणि करंट त्याच कोपऱ्यात सर्वात वर जातो. कोअर ईटीडी २९ घेऊ, मधल्या पायाचं क्षेत्रफळ ७६ चौरस मिलिमीटर. २.१९ अँपिअरला फ्लक्स ०.२८ टेस्लाच्या आत ठेवायचा तर ५९ वेढे, ६० घाला. सेकंडरी १५. गॅप साधारण ०.६ मिलिमीटर, आणि तो मधल्या पायात घासलेला असेल तरच ०.६. तिन्ही पायांत कागद घालून गॅप करणार असाल तर ०.३चा कागद, कारण फ्लक्स तो दोनदा ओलांडतो. सोलापुरात वाइंडिंग करून देणाऱ्यांना फक्त 'गॅप ०.६' असं सांगितलं की कधी कधी ०.६चा कागद तिन्ही पायांत येतो. मग इंडक्टन्स जवळजवळ निम्मा, फ्रिक्वेन्सी दुप्पट, आणि बोर्ड गरम का होतोय याचा शोध भलतीकडे सुरू होतो. त्यामुळे ट्रान्सफॉर्मर हातात आला की आधी एलसीआर मीटरवर ५७४ मायक्रोहेन्री, अधिक-उणे १० टक्के, येतात का ते बघा. गॅपपेक्षा इंडक्टन्सचा आकडा सांगून माल घ्या.

मोटरी सुरू होताना व्होल्टेज क्षणभर एवढं दबलं की बल्क कपॅसिटरवर ९० व्होल्ट उरले, असं समजा. क्वासी-रेझोनंट सर्किट तक्रार करत नाही, मुकाट्याने फ्रिक्वेन्सी २८ किलोहर्ट्झपर्यंत खाली आणतं आणि करंट २.९ अँपिअर करतं. फ्लक्स ०.३६५ टेस्ला. नेहमीचा पॉवर फेराइट थंड असताना ०.५ टेस्लाच्या आसपास सॅच्युरेट होतो, म्हणजे भरून जातो आणि करंटला अडवत नाही, पण १०० अंशांना ०.३९लाच. मे महिन्यातल्या दुपारी कोअर ९०-१०० अंशांवर असतो. म्हणजे उरलेलं अंतर नावापुरतं, आणि वेढे किंवा गॅप थोडा इकडेतिकडे झाला असेल तर तेही नाही. डिसेंबरात टेबलावर उत्तम चाललेला सप्लाय मे महिन्यात, माग सुरू करण्याच्या वेळीच मॉस्फेट उडवतो, त्याचं कारण बहुतेक वेळा इथे असतं.

उपाय दोन, आणि दोन्ही करायचे. पहिला, करंट सेन्स रेझिस्टर असा घ्या की मर्यादा २.४४ अँपिअरला लागेल. कंट्रोलरचा उंबरठा १ व्होल्ट असेल तर ०.८२ ओहमचे दोन समांतर, म्हणजे ०.४१. फ्लक्स मग ०.३१ टेस्लाच्या वर जातच नाही. दुसरा, ब्राउनआउट, म्हणजे व्होल्टेज फार दबलं की सप्लाय आपोआप बंद करणारी मर्यादा. २.४४ अँपिअरवर पूर्ण ६९ वॅट मिळायला बल्क कपॅसिटरवर कमीत कमी १३० व्होल्ट लागतात. १०० मायक्रोफॅरडचा निरोगी कपॅसिटर १२० व्होल्ट एसीला रिपलच्या तळाशी १३३ देतो. तेव्हा ब्राउनआउट १२० व्होल्ट एसीवर लावा. त्याखाली सप्लायने सरळ बंद व्हावं. अर्धवट २४ व्होल्ट देत राहणारा सप्लाय मागासाठी जास्त घातक, कारण प्रोसेसर जागा राहतो आणि रिले सुटतात.

मॉस्फेट ८०० व्होल्टचा. ३९६ अधिक १०० अधिक ट्रान्सफॉर्मरच्या लीकेज इंडक्टन्समुळे येणारा टोचा १०० धरला तरी ६००च्या जवळ जातो, त्यामुळे ६५० व्होल्टचा इथे अंगावरच्या कपड्यानिशी उभा असल्यासारखा आहे. सेकंडरी डायोडवर २४ अधिक ९९, म्हणजे १२३ व्होल्ट उलटे येतात. २०० व्होल्टचा घ्या.

बांधून ठेवलेली फ्रिक्वेन्सी

तोच सप्लाय ६५ किलोहर्ट्झवर बांधला तर? १७० व्होल्टला जेमतेम सीमेवर ठेवायचा तर इंडक्टन्स ४४२ मायक्रोहेन्री, वेढे ४६. शिखर करंट तोच २.१९ अँपिअर, पण फरक असा की फुल लोडला व्होल्टेज वाढलं तरी तो २.१९च राहतो, कारण दर वेळी तेवढीच ऊर्जा तेवढ्याच वेळा उचलायची आहे. क्वासी-रेझोनंटमध्ये ३०० व्होल्टला तो १.८४ वर येतो. आरएमएस करंट काढला तर फिक्स्डला ०.५८, व्हेरिएबलला ०.५३. वाइंडिंगचा रेझिस्टन्स सारखाच धरला तर प्रायमरीच्या तांब्यातला लॉस साधारण १६ टक्के कमी. फायदा आहे, पण त्यासाठी डिझाइन बदलावं एवढा नाही.

मग लोक ६५ किलोहर्ट्झच का निवडतात? कंडक्टेड एमिशनची, म्हणजे वायरमधून बाहेर पडणाऱ्या विद्युत गोंगाटाची, नेहमीची मोजणी १५० किलोहर्ट्झपासून सुरू होते. ६५ची दुप्पट, म्हणजे दुसरी हार्मोनिक, १३०, ती मोजणीच्या बाहेर राहते. तिसरी हार्मोनिक १९५ला, तीच पहिली पकडली जाते, आणि तिचा जोर मूळ फ्रिक्वेन्सीपेक्षा बराच कमी असतो. फ्रिक्वेन्सी ७५च्या वर गेली की दुसरी हार्मोनिक आत येते आणि फिल्टर वाढवावा लागतो. ही सोय एलईडी ड्रायव्हरला मिळत नाही, कारण दिव्यांच्या मानकात मोजणी ९ किलोहर्ट्झपासूनच सुरू होते. तिथे ६५चा आग्रह धरण्यात अर्थ नाही.

पण 'फिक्स्ड' हा शब्द कपॅसिटरवर अवलंबून आहे. यूसी३८४२ या कंट्रोलर आयसीमध्ये फ्रिक्वेन्सी साधारण १.७२ भागिले टायमिंग रेझिस्टर गुणिले टायमिंग कपॅसिटर. १० किलोओहम आणि २.७ नॅनोफॅरड घेतले की ६४ किलोहर्ट्झ येते. तो २.७ नॅनोचा कपॅसिटर एनपीओ (तापमानाने जवळपास न हलणारा सिरॅमिक) किंवा फिल्मचा असेल तर ती ६४ राहते. एक्स७आर सिरॅमिक घातला तर तापमानाने तो १५ टक्क्यांपर्यंत घसरू शकतो, आणि ६४ची ७५ होते. म्हणजे दुसरी हार्मोनिक बरोबर १५० वर. प्रयोगशाळेत थंड असताना पास झालेला सप्लाय गरम झाल्यावर नापास होतो, तो असा. वाय५व्ही प्रकारचा कपॅसिटर टायमिंगला घालूच नका. त्याची घसरण ८२ टक्क्यांपर्यंत जाऊ शकते. मग फ्रिक्वेन्सी बांधलेली राहत नाही, फक्त ती कोणाच्या तालावर हलते ते तुम्हाला माहीत नसतं.

रिपेअरिंग करणाऱ्यांसाठी एक गोष्ट इथेच. यूसी३८४२च्या जागी ३८४४ बसतो, पाय तेच आहेत, म्हणून सर्रास बदलला जातो. पण ३८४४ आणि ३८४५ मध्ये आउटपुटची फ्रिक्वेन्सी ऑसिलेटरच्या निम्मी असते आणि ड्यूटी ५० टक्क्यांच्या वर जात नाही. म्हणजे ६४ची ३२ होते. शिखर करंटची मर्यादा तीच असल्यामुळे दर सेकंदाला उचलली जाणारी ऊर्जा निम्मी होते. बोर्ड चालू होतो, रिकाम्या लोडला २४ व्होल्ट दाखवतो आणि मागावर लावला की बसतो. मग दोष सेकंडरीच्या कपॅसिटरवर जातो. आयसी बदलायचाच असेल तर टायमिंग कपॅसिटर निम्मा करा. तसंच ३८४२च्या जागी ३८४३ नको: पहिला १६ व्होल्टला सुरू होऊन १० ला बंद होतो, दुसरा ८.४ला सुरू होऊन ७.६लाच बंद होतो. सुरुवातीच्या रेझिस्टरवर भरलेल्या कपॅसिटरला एवढ्याशा अंतरात टिकता येत नाही, सप्लाय उचक्या देत राहतो.

करंट मोडमध्ये, म्हणजे प्रत्येक पल्स शिखर करंटवर तोडणाऱ्या नियंत्रणात, फिक्स्ड फ्रिक्वेन्सीचा एक स्वतःचा आजार आहे. ड्यूटी ५० टक्क्यांच्या वर गेली आणि सर्किट कंटिन्युअस मोडमध्ये असेल, म्हणजे करंट शून्यावर येण्याआधीच पुढची पल्स सुरू होत असेल, की एक पल्स लांब, एक आखूड, असं सुरू होतं. त्यावर उपाय स्लोप कॉम्पेन्सेशन, म्हणजे करंटच्या सिग्नलमध्ये मिसळलेला चढ, करंट उतरण्याच्या उताराच्या कमीत कमी निम्म्या चढाचं. आपल्या उदाहरणात १०० व्होल्ट डीसीच्या वर ड्यूटी ५०च्या आत राहते आणि १३०च्या खाली आपण चालतच नाही, म्हणून गरज पडत नाही. मोकळ्या फ्रिक्वेन्सीच्या सर्किटला हा आजार मुळातच होत नाही, ही तिची जमेची बाजू कमी वेळा सांगितली जाते.

फ्रिक्वेन्सी हलते म्हणून आवाज पसरतो?

क्वासी-रेझोनंटच्या बाजूने एक युक्तिवाद नेहमी होतो: बल्क कपॅसिटरवरच्या १०० हर्ट्झच्या रिपलने फ्रिक्वेन्सी आपोआप मागेपुढे होते, त्यामुळे ईएमआयचं, म्हणजे बाहेर पडणाऱ्या विद्युत गोंगाटाचं, शिखर पसरून बुटकं होतं. आकडे घालून बघू. १५० व्होल्ट एसीला रिपल मोठा, फ्रिक्वेन्सी ५० ते ५८ मध्ये झुलते. छान. पण चाचणी २३० व्होल्टला होते. तिथे कपॅसिटर ३२५ ते ३०९ एवढाच हलतो, आणि फ्रिक्वेन्सी ७२ ते ७४. जेमतेम २ किलोहर्ट्झ. तिसऱ्या हार्मोनिकला ६. रिसीव्हरची खिडकी ९ किलोहर्ट्झ रुंद असते, म्हणजे सगळी ऊर्जा त्या एकाच खिडकीत मावते आणि शिखर तसूभरही कमी होत नाही. उलट मूळ फ्रिक्वेन्सी ७२ वर असल्यामुळे दुसरी हार्मोनिक १४४ ते १४८, आणि इंडक्टन्स पाच टक्के कमी निघाला की ती १५०च्या आत.

त्यामानाने फिक्स्ड ६५वर मुद्दाम दिलेला अधिक-उणे ४ टक्क्यांचा जिटर, म्हणजे फ्रिक्वेन्सीचा झोका, १९५ला १५ किलोहर्ट्झपेक्षा जास्त पसरतो आणि खिडकीबाहेर पडतो. त्याचा उपयोग होतो. त्यामुळे 'फ्रिक्वेन्सी मोकळी सोडली की ईएमआय सुटलं' असं धरून फिल्टर कापू नका.

फिल्टरबद्दल आणखी एक सापळा. इनपुट फिल्टरमधल्या कॉमन मोड चोकचा लीकेज इंडक्टन्स २०० मायक्रोहेन्री आणि दोन वायरींमधला एक्स कपॅसिटर ०.२२ मायक्रोफॅरड असेल तर त्यांचा स्वतःचा रेझोनन्स २४ किलोहर्ट्झला बसतो. ६५ वर बांधलेल्या सप्लायला त्याचं सोयरसुतक नाही. पण हलक्या लोडला २५ पर्यंत खाली उतरणारा कंट्रोलर बरोबर त्यावर येऊन उभा राहतो, आणि फिल्टर दाबायच्या ऐवजी वाढवायला लागतो. लक्षण असं की फुल लोडला सगळं शांत, दहा-पंधरा टक्के लोडला इनपुटचा करंट थरथरतो. एक्स कपॅसिटर ०.४७ केला की रेझोनन्स १६ वर जातो आणि प्रश्न मिटतो. सोबत प्लगवर एक मेगाओहमचा डिस्चार्ज रेझिस्टर आहे ना, तेवढं बघा.

पीएफसीत सगळं उलटं होतं

७५ वॅटच्या वरचे सप्लाय आणि एलईडी ड्रायव्हर यांच्या पुढे पॉवर फॅक्टर सुधारणारा टप्पा, म्हणजे पीएफसी, येतो, आणि दीडशे-दोनशे वॅटपर्यंत तो बहुधा क्रिटिकल मोडचा, म्हणजे मोकळ्या फ्रिक्वेन्सीचा बूस्ट (व्होल्टेज चढवणारा कन्व्हर्टर) असतो. फ्लायबॅकची सवय झालेला माणूस इथेही कमी व्होल्टेजचा कोपरा तपासतो आणि निश्चिंत होतो. पण बूस्टची फ्रिक्वेन्सी जास्त व्होल्टेजला, साइन वेव्हच्या माथ्यावर कोसळते. इंडक्टरचा करंट उतरवायला आउटपुट आणि इनपुटमधला फरक लागतो. तो फरकच उरला नाही तर करंट उतरायला किती वेळ घेईल याला मर्यादा राहत नाही.

१६० वॅट इनपुट, ४०० व्होल्ट आउटपुट, ४०० मायक्रोहेन्री. माथ्यावरची फ्रिक्वेन्सी १५० व्होल्ट एसीला ८३ किलोहर्ट्झ, २३० ला ७७, २६४ ला ३७. आणि २८० ला ६. सहा किलोहर्ट्झ म्हणजे थेट कानात. रात्री शेड बंद झाल्यावर दिव्यांच्या ड्रायव्हरमधून जी बारीक किंकाळी येते, तिच्यामागे हे एक कारण असू शकतं, आणि वार्निश कितीही पाजलं तरी ती जाणार नाही. २८३च्या वर तर साइनचा माथा ४०० ओलांडतो आणि त्या काळात बूस्ट काहीच करत नाही, डायोडमधून सरळ कपॅसिटर भरतो.

उपाय साधा आहे, आउटपुट ४२० वर न्या. मग २८० व्होल्टला माथ्यावरची फ्रिक्वेन्सी ३५ किलोहर्ट्झ राहते, कानाच्या बरीच वर. बल्क कपॅसिटर ४५० व्होल्टचा, १०५ अंशांचा, आणि ओव्हरव्होल्टेजची मर्यादा ४४०च्या खाली. इंडक्टन्स कमी करूनही फ्रिक्वेन्सी वाढते, पण मग साइनच्या शून्याजवळ, जिथे ती आधीच २३० व्होल्टला ४०० किलोहर्ट्झच्या वर असते, तिथे आणखी उडते. आउटपुट वाढवणंच बरं. इंडक्टरचा करंट मात्र खालच्या टोकाला तपासा, १५० व्होल्टला तो ३ अँपिअरच्या शिखरावर जातो.

एलएलसी या रेझोनंट कन्व्हर्टरबद्दल थोडक्यात: तोही फ्रिक्वेन्सी हलवूनच व्होल्टेज सांभाळतो, पण त्याला १५० ते २८०चं इनपुट थेट देऊ नका. गेन गाठायला तो रेझोनन्सच्या फार खाली जातो, कपॅसिटिव्ह भागात घुसतो आणि दोन्ही मॉस्फेट एकदम जातात. पुढे पीएफसी असेल तरच एलएलसी.

मग कुठे काय

मागाच्या कंट्रोल बोर्डाला मी फिक्स्ड ६५ किलोहर्ट्झ, थोड्या जिटरसह, असंच सुचवेन. कारण कार्यक्षमता नाही. त्याच डब्यात बाण्याचा धागा तुटला हे ओळखणारा सेन्सर असतो, त्याचा सिग्नल मिलिव्होल्टचा असतो. आवाज कुठल्या फ्रिक्वेन्सीला आहे हे माहीत असेल तर एका आरसी फिल्टरने तो कापता येतो. मोकळी फ्रिक्वेन्सी लोडप्रमाणे फिरत राहते, आणि सोलेनॉइड ओढला की नेमकी सेन्सरच्या पट्ट्यात येऊ शकते. एकाच २४ व्होल्टवर पुढे व्होल्टेज उतरवणारे दोन बक कन्व्हर्टर असतील आणि दोन्ही मोकळे असतील, तर त्यांच्या फ्रिक्वेन्सींमधला फरक, तो बीट, कधी ५०० हर्ट्झ, कधी ५ किलोहर्ट्झ असा एडीसीच्या, म्हणजे सिग्नलचे आकडे करणाऱ्या भागाच्या, वाचनात दिसतो. फिक्स्ड असले की दोन्ही एका घड्याळाला बांधता येतात. फक्त सिंकची फ्रिक्वेन्सी त्यांच्या मोकळ्या फ्रिक्वेन्सीपेक्षा दहा-वीस टक्के वर हवी, नाहीतर पकड लागत नाही.

एकटा, बंद, हवा न खेळणारा डबा असेल, आत दुसरं नाजूक काही नसेल, सुताचे तंतू बसून डब्यावर गोधडी होणार हे नक्की असेल, तर क्वासी-रेझोनंट. तिथे वाचलेला अर्धा वॅट खराखुरा कामाला येतो, कारण इलेक्ट्रोलिटिक कपॅसिटरचं आयुष्य दर १० अंशांना निम्मं होतं.

कोणताही घ्या, टेबलावरची तपासणी सारखीच. डिमरस्टॅट (व्होल्टेज हाताने कमी-जास्त करणारा ट्रान्सफॉर्मर), आयसोलेशन ट्रान्सफॉर्मर, ड्रेनवर शंभरपट प्रोब. १५० आणि २८० व्होल्ट, प्रत्येकी फुल लोड आणि दहा टक्के लोड: चार कोपरे, चार फ्रिक्वेन्सी, चार शिखर करंट वहीत लिहा. ब्राउनआउट नसलेल्या मोकळ्या फ्रिक्वेन्सीच्या सप्लायला डिमरस्टॅट शून्यापासून हळूहळू चढवू नका. आपल्याला वाटतं की जपून चाललोय, पण खालच्या व्होल्टेजलाच तो सर्वात जास्त करंट ओढतो. आधी १५० वर ठेवा, सिरीजला १०० वॅटचा बल्ब लावा, रिकाम्या लोडने सुरू करा, मग बल्ब काढून लोड चढवा.

ड्रेनच्या वेव्हफॉर्ममध्ये मॉस्फेट खड्ड्याच्या तळाशी चालू होतोय का बघा. कधी दुसऱ्या, कधी तिसऱ्या व्हॅलीत उड्या मारत असेल तर ट्रान्सफॉर्मर गुरगुरतो. व्हॅली धरून ठेवणारा कंट्रोलर लागतो, किंवा त्या लोडला फीडबॅक थोडा संथ करावा लागतो. दहा टक्के लोडला बर्स्टचा, म्हणजे थांबून थांबून येणाऱ्या पल्सच्या झुंडींचा, आवाज आला तर आधी ड्रेनवरचा टोचा दाबणाऱ्या क्लॅम्पमधला सिरॅमिक कपॅसिटर काढून फिल्मचा लावून बघा. पुष्कळदा आवाज त्याचाच असतो, ट्रान्सफॉर्मरचा नसतो. तरी राहिला तर बर्स्टमधला शिखर करंट फुल लोडच्या चौथ्या भागाच्या आसपास आणा.

आणि ही चार कोपऱ्यांची मोजणी सप्लाय तासभर फुल लोडवर, बंद खोक्यात तापवून पुन्हा एकदा करा. इंडक्टन्स, टायमिंग कपॅसिटर, सॅच्युरेशनची हद्द, तिन्ही गरम झाल्यावर हलतात. थंड असतानाचे चार आकडे आणि तापल्यावरचे चार आकडे शेजारी शेजारी लिहिले की कोणता भाग किती सरकला ते लगेच दिसतं.